अननसात मुरवलेली कोंबडी

३ नोव्हेंबर, सोमवार
आजपासून पाव बंद. साखर बंद, मैदा बंद, भात बंद, दूध बंद. आदिमानव जे खायचा तेच खायचं. मांस, फळं, कंदमुळं, बदाम. डॉक्टरीणबाई फक्त 'थोडं जपा' म्हणाल्या होत्या, पण थोडं काही करणं या मर्व्ह टकवेलच्या स्वभावात नाही. सकाळीच कपाट रिकामं केलं. पाव, बिस्किटं, नूडल्स आणि बायकोने, ग्लेनिसने, गेल्या आठवड्यात घातलेला संत्र्याचा मुरांबा, सगळं कचऱ्यात. बरण्यांसकट. ग्लेनिस दारात उभी राहून बघत होती. एक शब्द बोलली नाही. म्हणजे पटलं.

संध्याकाळी ती बॅग भरून समुद्रकाठी येपूनला गेली, बहिणीकडे, डॉटकडे. डॉटचा गुडघा दुखतोय म्हणे. बहिणीची माया. येईल दोन-चार दिवसांत.

५ नोव्हेंबर
हिरवळीवर चेंडू घरंगळवायचा आमचा बोल्स क्लब, तिथे कमिटीची मीटिंग. दरवर्षीची करी-रात्र बावीस तारखेला. दरवर्षी करी क्लबातली लोर्ना करते. टिनातली फळं, वाटीभर साखर, मनुका, वरून केळ्याच्या चकत्या आणि खाली पांढऱ्याशुभ्र भाताचा डोंगर. मी उभा राहून स्पष्ट सांगितलं की हे विष आहे. अध्यक्ष कॉलिन म्हणाला, "मर्व्ह, जरा हळू बोल, पलीकडे बिंगो चाललाय." मी हळूच बोलत होतो! मग म्हणतो कसा, "आदिमानवाला करी पावडर कुठे मिळाली रे? गुहेच्या बाजूला दुकान होतं काय?" सगळे खिदळले. तळपायाची आग मस्तकात गेली. टेबलावर हात आपटला. कुणाचा तरी ग्लास खाली पडला, त्याला मी काय करू, काठावर ठेवला होता.

पुढे कुणी वाद घातला नाही. यंदाची करी एकमताने माझ्याकडे. सगळ्यात आधी हात लोर्नानेच वर केला. असा मान ओरडून मिळत नाही.

ग्लेनिसला फोन. उचलला नाही. डॉटच्या पायाला तेल लावत असेल.

८ नोव्हेंबर
पाककृती ठरली. कोंबडीच्या मांड्या, नारळाचं दूध, करी पावडर, आलं, कांदा, आणि गोडव्यासाठी फक्त ताजी फळं: आंबा, अननस, सफरचंद. गोड-तिखट. साखरेचा कण नाही. भाताऐवजी किसलेला फ्लॉवर. ग्लेनिस एक घास खाईल आणि तिला कळेल की माणूस बरोबर होता.

इथे नोव्हेंबर म्हणजे उन्हाळा, आंबे परसातल्या झाडाचे वापरणार होतो. रात्रीत वटवाघळांनी निम्मे खाल्ले. खाल्ले तर खाल्ले, प्रत्येकाचा एक-एकच चावा! पूर्ण खा ना, मेल्यांनो. झाडाखाली उभा राहून त्यांना चार शब्द सुनावले. शेजारच्या बाईंनी खिडकी लावून घेतली.

११ नोव्हेंबर
मुलीचा, लिॲनचा फोन. म्हणाली, "डॅड, आई आत्ताच येणार नाहीये. तुला कळतंय ना का ते?" म्हटलं, कळतंय, गुडघा.  मग म्हणाली, डॉटमावशीने काल फोटो टाकलाय तो बघ. बघितला. डॉट समुद्रात कायाकमध्ये, त्या वल्ह्याच्या चिंचोळ्या होडीत. दात काढून हसतेय, मागच्या कायाकमध्ये ग्लेनिस. ग्लेनिसने टोपी घातलीय. ही टोपी मी पाहिलेली नाही.

कायाकमध्ये माणूस बसलेला असतो. गुडघ्याला आराम. यात विशेष काही नाही.

रॉकहॅम्प्टनच्या सुपरमार्केटात फ्लॉवरचा भाव बघून मॅनेजरला बोलावून घेतलं. कोवळा मुलगा निघाला, डोळे भरून आले त्याचे. लोकांना हल्ली साधं बोलणं सोसत नाही.

१५ नोव्हेंबर, शनिवार
करीची तालीम. घरच्या पातेल्यात एक किलो. नारळाचं दूध फाटलं. सफरचंदाचा लगदा झाला. कोंबडी मात्र चिवट, चावून चावून जबडा दुखला. पण चव? चव उत्तम! म्हणजे उत्तम होण्याच्या मार्गावर. लिॲन चाखायला आली होती. दोन घास खाऊन म्हणाली, "छान आहे, डॅड." मी म्हटलं, खरं सांग. म्हणाली, "तू ओरडणार नसशील तर सांगते." मी म्हटलं, मी कधी ओरडतो? ती म्हणाली, मग छानच आहे.

अडचण एकच, मांस चिवट. इंटरनेटवर एकाने लिहिलंय, अननसाच्या रसात मुरवलं की मांस मऊ पडतं. किती वेळ ते वाचायच्या आत मध्येच जाहिरात आली. बंद केलं. जास्त मुरवलं की जास्त मऊ, हे कळायला इंटरनेट कशाला?

१६ नोव्हेंबर
संकल्प: आजपासून रागवायचं नाही. आदिमानवसुद्धा फक्त वाघ दिसला की रागवायचा, एरवी शांत. लेखी नोंद करून ठेवतो.

दुपारी गवत कापायचं यंत्र सुरू होईना. लाथ मारली. पायाचा अंगठा सुजला. यंत्रावरचा राग मोजायचा नाही, माणसांसाठी आहे तो संकल्प.

१८ नोव्हेंबर
कॉलिनचा फोन आला. म्हणे लोर्ना भात लावून ठेवेल का, नुसता बाजूला, कुणाला लागलाच तर. भात! मी शांतपणे नाही म्हटलं. तो म्हणाला, कानाला त्रास होतोय, नंतर बोलू.

ग्लेनिसने फोन उचलला! शनिवारी येते म्हणाली, डॉटबरोबर. मी करीबद्दल सगळं सांगितलं, पार आल्यापर्यंत. ती ऐकत होती. पूर्वीही ती अशीच ऐकायची, मध्ये न बोलता. म्हटलं, बॅग घेऊनच ये. म्हणाली, "मर्व्ह, मी जेवायला येतेय." जेवायला येतेय म्हणजे येतेयच की.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार
क्लबाच्या स्वयंपाकघराचा ताबा. कोंबडीच्या मांड्या आल्या. ताजे अननस सोलून, वाटून, मोठ्या टबात घातले, त्यात सगळ्या मांड्या बुडवल्या. उद्या दुपारपर्यंत मुरतील. लोर्ना दाराशी येऊन बघून गेली. "इतका वेळ?" म्हणाली. मी नुसतं तिच्याकडे बघितलं. गेली.

घरी येऊन ग्लेनिसच्या उशीचा अभ्रा बदलला. स्वच्छ चादर घातली. बायका अशा गोष्टी बघतात.

२२ नोव्हेंबर, शनिवार
लिहायला बसलोय, पेन्सिलचं टोक दोनदा मोडलं. रागाने. फक्त रागाने.

दुपारी टब उघडला. मांड्या फिकट आणि बुळबुळीत दिसत होत्या. म्हटलं मऊ पडल्या, झकास. कांदा परतला, आलं, करी पावडर, नारळाचं दूध, आंबा. वास असा सुटला की हिरवळीवर खेळणारे चारजण आत डोकावून गेले. मग कोंबडी घातली. ढवळली. आणि पळी वर काढली तर पळीत कोंबडी नाही! पुन्हा ढवळलं. हाडं वर आली. मांस नाही. मांसाची खीर झालेली, पिवळी, तंतू तंतू सुटलेली.

खाटकाला फोन लावला आणि सोलून काढला. खराब कोंबडी, सडकी कोंबडी, जे तोंडात आलं ते. लिॲन मदतीला आली होती, तिने मोबाइलवर वाचून दाखवलं की ताजा अननस मांस विरघळवतो, अर्धा तास पुरे होता. मी म्हटलं मोबाइल आत ठेव. ती म्हणाली, "डॅड, खाटकाला परत फोन कर आणि माफी माग." मी म्हटलं, पुढच्या आठवड्यात बघू.

फ्लॉवर किसताना मिक्सर जळला. उरलेला हाताने किसला. सूप म्हणून वाढायचं ठरवलं. पाटीवर खडूने लिहिलं: आदिमानवाचं गोड-तिखट सूप.

लोक आले. हॉल भरला. ग्लेनिस आली, डॉटबरोबर, केस कापलेले. लांबच्या टेबलावर बसली. मी पळी घेऊन टेबलाटेबलावर फिरलो, विचारत होतो, कसं झालंय? कॉलिन म्हणाला छान. त्याची बायको म्हणाली छान. लोर्नासुद्धा म्हणाली छान. एकानेही नाव ठेवलं नाही. माझी छाती भरून आली. मी मनात म्हटलं, बघ ग्लेनिस.

ती स्वयंपाकघरात आली. हातात वाटी. हळू आवाजात म्हणाली, "मर्व्ह, तू लोकांच्या डोक्यावर पळी घेऊन उभा राहिलास तर कोण छान म्हणणार नाही? मीही इतकी वर्षं छानच म्हणत आले."

मी म्हटलं, तुला बघवत नाही माझं यश. म्हटलं, मी राबतोय आणि तू कायाकमध्ये फिरतेस. आणखीही काही म्हटलं, ते इथे लिहीत नाही. ती म्हणाली, "ओरडू नकोस." मी म्हटलं, मी ओरडत नाहीये!

खिडकी उघडी होती, ज्यातून वाढतात ती. हॉल गप्प झाला होता. चमच्याचा आवाज नाही. कुणीतरी खुर्ची सरकवली तेवढाच.

ग्लेनिस घाबरली नाही. नेहमी घाबरते, आज नाही. तिथेच ओट्याला टेकून तिने वाटीतलं सगळं खाल्लं, शेवटच्या चमच्यापर्यंत. वाटी विसळून पालथी घातली. म्हणाली, "चव वाईट नाहीये, मर्व्ह. खरं सांगते. पण मी काय चवीसाठी गेले नव्हते."

आणि डॉटच्या गाडीत बसून गेली.

२३ नोव्हेंबर
चव वाईट नाही, असं ती स्वतः म्हणाली. सगळ्यांच्या देखत नसेल, पण म्हणाली. ही मोठी गोष्ट आहे. पातेलंभर करी उरलीय, ती डब्यांत भरून फ्रीझरमध्ये टाकली. रात्री लोक बाहेर पडताना रस्त्यापलीकडच्या गाडीवर बर्गरला रांग लावून होते, असं लिॲन सांगत होती. असतील. मोठं जेवण झालं की लोकांना पाय मोकळे करायचे असतात.

क्लबाच्या दारावर कॉलिनची चिठ्ठी: पुढच्या वर्षी करी लोर्ना करेल. म्हणजे मला एक वर्ष विश्रांती देतायत.

२६ नोव्हेंबर
खाटकाकडे गेलो. दारापर्यंत गेलो. गिऱ्हाईक होतं. परत आलो.

२७ नोव्हेंबर
पुन्हा गेलो. आत गेलो. माझा चेहरा बघून तो काउंटरच्या मागे दोन पावलं सरकला. मोठा धिप्पाड माणूस आहे. मी म्हटलं, कोंबडी चांगली होती. तो म्हणाला, बरं. मला वाटलं, आणखी काही म्हणेल.  मी बाहेर येईपर्यंत सुरी खाली ठेवली नव्हती त्याने.

३० नोव्हेंबर, रविवार
ग्लेनिसला फोन केला. आधी बाहेर झाडाखाली थोडा वेळ बसलो आणि ठरवलं, आवाज खाली ठेवायचा. ठेवला. ती म्हणाली, "हॅलो, कोण?" म्हटलं, मी. "मी कोण?" म्हटलं, मर्व्ह.  मग म्हणाली, "आवाज ओळखू नाही आला."

म्हटलं, फ्रीझर करीने भरलाय, येऊन घेऊन जा, किंवा मी आणून देतो, किंवा इथेच बसून खाऊ. ती म्हणाली, तिने येपूनमध्ये जागा भाड्याने घेतलीय. डॉटकडे नाही, स्वतःची. मंगळवारी लिॲन येऊन तिचे कपडे आणि शिवणयंत्र घेऊन जाईल. तू घरी नसलास तरी चालेल, म्हणाली.

मी ओरडलो नाही. शब्द तोंडात आले होते, गिळले. मला वाटलं, तिच्या ते लक्षात येईल. आलं असेल. तसं काही म्हणाली नाही.

काहीतरी विचारायचं म्हणून विचारलं, स्वयंपाकघर केवढं आहे.

म्हणाली, एका माणसापुरतं.

बरं, म्हटलं. तिने फोन ठेवला तरी पुन्हा एकदा बरं म्हटलं.