पितळी पाटीवरचं प्रमोशन

३ जून, सकाळ
आजपासून रोजनिशी. रिसेप्शनवरच्या नागेशनं हॉटेलचं नाव छापलेली वही दिली. म्हणाला, मोठी माणसं रोज लिहितात. सातवी पास माणसानं लिहू नये असा काही कायदा न्हाई.
ठराव पहिला: येत्या रविवारी वडलांना, म्हणजे अप्पांना, फोन करून खरं सांगायचं. की मी मिलिटरीत न्हाई. डेहराडूनच्या वर डोंगरात एका हॉटेलात घोडा सांभाळतो, अन् गेटवर लाल कोट घालून सलाम ठोकतो.
बास. एका मिनिटाचं काम.

८ जून, रविवार
फोन केला. सांगणारच होतो. पण अप्पांनी आधीच विचारलं, राजेश्वर, पुढचं प्रमोशन कधी? तोंडातून निघालं, झालं. कॅप्टन झालो.
(लेफ्टनंट मागच्या दिवाळीत झालो होतो.)
ह्यात माझी चूक कमी. हॉलमध्ये जनरल सर विंकफील्ड ह्या इंग्रज साहेबाची मोठी तसबीर हाय. घोडदळातला माणूस. खाली पितळी पाटी, तीवर त्याची सगळी नोकरी: कॉर्नेट, लेफ्टनंट, कॅप्टन, मेजर, लेफ्टनंट कर्नल, कर्नल, वर जनरलचे तीन प्रकार. पाटी रोज मी घासतो. रोज घासल्यावर डोक्यात बसणारच. पाटी नसती तर मी साधा शिपाईच राहिलो असतो.
आम्ही लिंगायत; गळ्यात इष्टलिंग असताना खोटं बोलू नये अशी अप्पांची शिकवण. म्हणून बोलताना लिंगाचा शिवदोरा पाठीकडं सरकवला होता.

१२ जून
मूळ चूक पेढ्यांची. परभणीच्या मिलिटरी भरतीत पळायच्या तिसऱ्या राउंडला पोटात कळ आली, बसलो. गंगाखेडच्या स्टँडवर उतरलो तर आई, म्हणजे गौराबाई, पेढ्याचा बॉक्स उघडून उभी. निम्मे वाटूनही झालेले. वाटलेला पेढा माघारी कसा मागायचा?
मग मानवतला कापसाच्या जिनिंगमध्ये तीन महिने. पुण्यात बेकरीत दोन. इथं दीड वर्ष टिकलो. ही शिस्त न्हाई तर काय?
लाल कोटातला, घोड्यावरचा फोटो घरी पाठवला होता. राष्ट्रपतीच्या गाडीम्होरं टीव्हीवर असले घोडेस्वार दिसतात, त्यामुळं आमच्या राणीसावरगावात कुणालाच शंका आली न्हाई.
एक सोडून.

१५ जून, रविवार
तो एक म्हणजे लिंबाजीकाका. गावातला खरा फौजी. सतरा वर्षं नोकरी, हवालदार म्हणून रिटायर, उजव्या गुडघ्यात सळई. अप्पांच्या दुकानात बसले होते. फोन मागून घेतला अन् एवढंच विचारलं, बाळा, तुझी पलटण कंची?
मी म्हणालो, सीक्रेट हाय.
काका म्हणाले, पलटणीचं नाव सीक्रेट नसतंय रे, पण असू दे.
त्या 'असू दे'नं दुपारचं जेवण गेलं न्हाई. रात्रीचं गेलं.

६ जुलै, रविवार
मेजर झालो. घाई झाली, कळतंय. पण अप्पांचा आवाज पडलेला होता, दुकानात गिऱ्हाईक न्हाई, आईची कंबर धरलेली. ऐकून एकदम टवटवीत झाले. हे औषधच म्हणायचं.
काका म्हणे तिथंच होते. म्हणाले, म्हैन्यात कॅप्टनचा मेजर? मला तीन फिती लावायला सतरा वर्षं गेली. अप्पांनी चारचौघांत त्यांना सुनावलं, की तुमच्या पोटात दुखायलंय.
अप्पा असं कुणाला बोलत न्हाईत. माझ्यामुळं बोलले.

९ जुलै
नागेशनं आज मोठी गोष्ट सांगितली. विंकफील्ड साहेबाच्या काळात इंग्रज लोक हुद्दे रोख पैशे देऊन विकत घ्यायचे! कॅप्टन, मेजर, सगळं. लय हलकं वाटलं. साहेबानं पैशे मोजले, मी नुसतं तोंडानं घेतलं.
संध्याकाळी तसबिरीपुढं उभा राहिलो. मग आठवलं, साहेब निदान घोड्यावर बसून लढला तरी. मी पाहुण्यांच्या पोरांना लॉनवर चक्कर मारून आणतो.
आणखी एक. लेफ्टनंटाच्या वर मेजर, पण मेजर जनरलच्या वर लेफ्टनंट जनरल. हे गणित नागेशलाही येत न्हाई. तिथवर पोचायच्या आत समजून घेणे. (पोचायचं न्हाईच. ठराव.)

१७ ऑगस्ट, रविवार
मेलो.
सतरा सप्टेंबरला, मराठवाडा मुक्तीदिनाला, शाळेपुढचा झेंडा दरसाल लिंबाजीकाका चढवतात. औंदा ग्रामसभेत ठरलं, झेंडा मेजरच्या हातानं. काकांना म्होरची खुर्ची.
अप्पांना विचारलं, काका काय म्हणाले? अप्पांनी दोरीचं सांगितलं. झेंड्याची दोरी ते दरसाल घरी नेऊन धुतात. ती धुऊन, घडी घालून दुकानात ठेवून गेले.
ठराव: सुट्टी मिळत न्हाई असं कळवायचं. आजच.

१८ ऑगस्ट
मॅनेजरनं न मागता सुट्टी दिली. सीझन न्हाई म्हणाला. कोटही ने म्हणाला, फोटोत हॉटेलची जाहिरात होईल. ह्याला मी काय करणार?
तिथं जाऊन काकांचे पाय धरायचे, खरं सांगायचं, दोरी त्यांच्या हातात द्यायची. समोरासमोर बरं पडतं.

१६ सप्टेंबर, राणीसावरगाव
फाट्यावर फ्लेक्स. माझा फोटो, घोड्यासकट. आईनं ओवाळलं, पाच बाया मागं उभ्या. अप्पांनी नवा फेटा आणलाय, स्वतःसाठी.
काकांच्या दारावरनं दोनदा गेलो. दोन्ही खेपेला ते बुटाला पॉलिश करायलेले. तिसऱ्यांदा गेलो न्हाई.

१७ सप्टेंबर, दुपार
जसं झालं तसं लिहितो.
सगळं गाव मैदानात. मुख्याध्यापिका सत्यशीला मॅडमनी नाव पुकारलं, मेजर राजेश्वर. दोन दोऱ्या होत्या. हाताला लागली ती ओढली. गाठ सुटायची ती आवळली. पुन्हा ओढली, आणखी आवळली. कोटाच्या आत घामानं लिंग छातीला चिकटलेलं. आज पाठीकडं सरकवायला विसरलो होतो.
काका खुर्चीवरनं उठले. लंगडत आले. दुसऱ्या दोरीला एकच झटका. फुलं पडली, झेंडा उघडला, राष्ट्रगीत झालं.
मग काका माझ्यापुढं दोन पावलांवर ताठ उभे राहिले. टाच आपटली. आखडलेल्या पायाची. अन् मला कडक सलामी दिली.
माझा हात उठला. पण गेटवरची दीड वर्षाची सवय. उजवा हात कपाळाला, डावा दाराकडं, कंबर वाकली, अन् तोंडातून मोठ्यांदा निघालं, वेलकम सर.
म्होरची पोरं एकमेकांकडं बघायला लागली.
काकांनी लोकांकडं तोंड केलं. म्हणाले, घोडदळात अशीच सलामी असती, इंग्रजाच्या टायमापासनं. टाळ्या. अप्पा रडले.
पेढे वाटताना काकांनी माझ्या कोटाचं बटण बोटानं पुसलं. हळूच म्हणाले, मुक्तीदिनाला इंग्रजाचा कोट, अन् बटणावर हाटेलाचं नाव. वाचता येतंय मला. वाचवलं ते तुला न्हाई. तुझ्या बापाची, मन्मथअप्पाची मान खाली गेलेली मला बघवली नसती. आता त्यांना तू सांगायचं.
मी हो म्हणालो.

१८ सप्टेंबर, गाडीत
सांगितलं न्हाई. अप्पा स्टेशनवर सोडायला आले होते, फेटा बांधून. डब्यात लोक होते.

१२ ऑक्टोबर, रविवार
दिवाळीला जायचं पक्कं. तिकीट काढलंय. लक्ष्मीपूजनाच्या आधी सांगायचं, म्हणजे सण कोऱ्या मनानं होईल.
फोन केला, येतोय म्हणून. अप्पा गोंधळले. म्हणाले, कसा येतोस? तुझी तर सियाचीनला बदली झाली! लिंबाजीनं गावात सांगितलंय, मेजर बर्फात गेला, तिथं सुट्टी न्हाई. आईनं तू दिलेल्या डेहराडूनच्या पत्त्यावर दोन स्वेटरं अन् कानटोपी धाडलीय. सव्वीस जानेवारीचा झेंडा आता लिंबाजीच चढवणार, दोरी घेऊन गेला.
माझ्या तोंडून निघालं, हो, परवाच जायचंय.
लगेच काकांना फोन लावला. शांतपणे म्हणाले, ज्या दिवशी बापाला खरं सांगशील त्या दिवशी बदली रद्द. तवर बर्फात राहा. जयहिंद, मेजर.

२१ ऑक्टोबर, लक्ष्मीपूजन
गेटवर ड्यूटी. पार्सल आलं. कानटोपी लाल कोटावर चालत न्हाई, पण घातली. उकडायलंय.
पाटी घासली. विंकफील्ड साहेब चौतीस वर्षं घरापासनं लांब होता, असं नागेशनं वाचून दाखवलं.
ठराव: येत्या रविवारी अप्पांना फोन करून खरं सांगायचं. एका मिनिटाचं काम.
पण सियाचीनला रेंज नसती म्हणे. फोन लागला तर अप्पांना शंका येईल.