फरशीच्या फटी

पिंपळी, ता. बारामती
४ डिसेंबर १९५६

चि. सौ. फुलाबाई हिला सावळारामदादाचा आशीर्वाद. इकडं सगळी खुशाल. तुझी खुशाली दाजी मोहनरावांकडून इंदापूरच्या बाजारात कळली. सासूबाईंना नमस्कार सांग.

पेरूचा बहार बरा आहे. कालव्याला पाणी आहे. तांबडी गाय व्याली, कालवड झाली.

आणखी लिहायचं म्हणजे, अंगणातल्या फरशीच्या फटी भरून काढल्या. गवंडी लावला नाही, माझं मीच केलं. आपल्या आप्पांनी फरशी घातली तेव्हा दगडांमध्ये नुसती माती भरली होती. ती पावसानं वाहून गेली, उरलेली मुंग्यांनी उकरली. बोट जाईल एवढ्या फटी पडल्या होत्या, ते तुला ठाऊकच आहे.

पहिल्यांदा फसलो. वरवर झाडून चुना-वाळू भरली आणि मोकळा झालो. लगेच चिरा पडून खपल्या निघाल्या. तुझी वहिनी म्हणाली, "दगूड तहानलेला हाय. त्यानं समदं पाणी पिऊन घेतलं." खरंच होतं ते. मग पुन्हा सगळं उकरलं. मोडक्या विळ्याच्या टोकानं फटी तळापर्यंत खरवडल्या, पाणी ओतून दगड भिजवले, आणि चाळलेली वाळू अन् चुना कालवून दाबून दाबून बसवला. वर ओली गोणपाटं टाकली. चुन्यानं बोटं सोलली आहेत, म्हणून अक्षर असं आलंय.

मोहनराव म्हणाले, "बाळंतपण वरकुट्यालाच करायचं म्हणती ती." मी बरं म्हणालो. तिथं तुझी आबाळ होणार नाही, हे मी जाणतो.

आई बरी आहे. म्हणजे जेवतेखाते. पण पंचमीपासून ती अंगणात आलेली नाही. मागल्या दारानं गोठ्यात जाते, तिकडूनच परत येते. आम्ही कोणी त्यावर बोलत नाही. इथं कोणी कशावरच बोलत नाही, फुला. सणाला तू लेकीला घेऊन आलीस आणि एकटीच परत गेलीस, तेव्हापासून असंच चाललंय.

काल दुपारी गोणपाटं काढली. मागं वळून बघतो तर आई उंबऱ्यात उभी. हळूच खाली उतरली, बसली, आणि एकेका फटीवरनं बोट फिरवत सरकू लागली. रांजणापाशी आल्यावर थांबली. तिथंच विंचू डसला होता.

"सावळा, हितं भागू बसली व्हती."

"व्हय."

"काडीनं मुंग्या उकरीत व्हती. मी म्हनलं, ऱ्हाऊ दे, खेळतीया."

एवढं बोलून ती रडायला लागली. मी शेजारी बसलो. मलाही आवरलं नाही. तुझी वहिनी चूल सोडून आली, तीही तिथंच फरशीवर बसली. संध्याकाळपर्यंत आई भागूचंच बोलत होती. कशी हसायची, भाकरीचा पापुद्राच तेवढा कशी मागायची. रात्री ती नीट जेवली.

भागूचं नाव मागल्या पत्रांत लिहिलं नाही. तुला ते वाचणं सोसणार नाही असं मला वाटायचं.

तू यावंस म्हणून फटी भरल्या. आली नाहीस तरी राग नाही. आई मात्र वाट बघते.

तुझा दादा,
सावळाराम


वरकुटे, ता. इंदापूर
११ डिसेंबर १९५६

दादास फुलाचा नमस्कार. पत्र पावलं. हे वाचून दाखवत होते, मी त्यांच्या हातातून घेऊन माझं मी वाचलं.

विंचू इकडंबी निघतात, दादा. त्यांच्या भ्यानं मी थांबले नव्हते. तुझ्या पत्रांत गाईचं असायचं, पेरूचं असायचं, माझी लेक कुठंच नसायची. जिथं तिचं कोणी नाव काढत नाही तिथं जाऊन मी कुणाशी काय बोलू, असं वाटायचं.

सासूबाईंना सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या, "जा बाई. आईपाशी पोटभर रडून घे, मग बाळंत हो."

सोमवारी निघते. हे बारामतीपर्यंत सोडायला येतील, तिथं स्टँडवर गाडी घेऊन ये. आणि आईला आजच सांग, तिनं भागूला खेळू दिलं, मी तवा अंगणात असते तर मीबी खेळू दिलं असतं.

तुझी बहीण, भागूची आई,
फुला