पुकारा झाला तेव्हा मी बाहेरच होतो

मी, प्रेमराज दगा पाटील, धंदा शेती, राहणार दोंडाईचा, जिल्हा धुळे, हे मृत्युपत्र राजीखुशीने लिहून ठेवतो. बुद्धी शाबूत असल्याचा डॉक्टरांचा दाखला जोडला आहे. पुढचे वाचून शंका येईल, म्हणून आधीच जोडला.

कलम १. राहते घर पत्नी सुनंदाबाई हिचे. ओसरीवरचा झोपाळाही तिचाच. त्यावर बसूनच तिने अपील करू नका म्हणून सांगितले होते.

कलम २. कापसाचे शेत व ट्रॅक्टर मुलगा हितेंद्र याला. शेताच्या कडेची गाडीवाट मात्र माझा धाकटा भाऊ नवल याची, बांधावरच्या निंबासकट. याचा खुलासा करणे भाग आहे.

नवलला शेतात जायला तीच एक वाट. मी तिच्यावर काटे टाकले. खालच्या कोर्टाने वाट त्याला दिली, तेव्हा माझे डोके फिरले व मी धुळ्याला अपील ठोकले. सुनावणीला माझे वकील दुसऱ्या कोर्टात गुंतले होते. पुकारा झाला की उभे राहा, मी येतोच, म्हणाले. मी व्हरांड्यात बसलो. पट्टेवाल्याने "प्रेमराज पाटील" असे तीनदा पुकारले. मी शेजारच्याला म्हणालो, काय माणूस आहे बघा, अपील करतो आणि तोंड दाखवत नाही. नवल आत गेला, तेव्हा वाटले, याने आणखी कोणाशी भांडण काढले?

माझ्याआधीची भावंडे जगली नाहीत, म्हणून आईने मला उकिरड्यावर लोटून घरात आणले आणि यमाला चकवायला नाव ठेवले लोटन. नवलच्या वेळी तिची भीती मोडली होती, त्याला धड नाव मिळाले. प्रेमराज हे मास्तरांनी लावलेले नाव. कागदावर दिसे, कानावर कधी पडले नव्हते. यम चुकला, कोर्टही चुकले.

अपील गैरहजेरीमुळे फेटाळले. नवल बाहेर आला, मला बघून थबकला.

"भाऊ, प्रेमराज तूच शे ना?"

खटला लागल्यापासून त्याने मला भाऊ म्हटले नव्हते. माझ्या डोळ्यांत पाणी आले. मग दोघेही हसत सुटलो, पट्टेवाला ओरडेपर्यंत.

वकील म्हणाले, अपील पुन्हा सुरू करायचा अर्ज देऊ, ताप आला होता म्हणून लिहू. मी म्हणालो, खरे कारण लिहा. त्यांना ते लिहायची लाज वाटली. अर्ज राहिला. घरी येऊन मी काटे उचलले.

कलम ३. हितेंद्र तो अर्ज अजून करू म्हणतो. त्याने करू नये. केल्यास शेत मुलगी भूमिका हिचे.

कलम ४. दहाव्याला घास ठेवल्यावर कावळ्याला हाक नवलने मारावी, आणि लोटन म्हणूनच मारावी. प्रेमराज म्हणाल, तर मी शेजारच्या झाडावर बसून राहीन आणि दुसऱ्या कोणाचा तरी घास आहे असे समजेन.

नवलला साक्षीदार व्हायचे होते. वाट मिळणाऱ्याने सही करू नये, असे वकील म्हणाले, म्हणून तो चहा सांगायला गेला आहे.

साक्षीदार : रतिलाल शंकर पाटील, चंदन उत्तम बोरसे
ठिकाण : दोंडाईचा
तारीख : १२ मार्च २०२४

सही : प्रेमराज दगा पाटील
(हाक मारल्यास : लोटन)