तळाच्या ओळीतलं नाव

ता. ३ मार्च
ती. ताईस, शि. सा. न. वि. वि.
तुला पकडून नेल्यापासून माझं नाव बदललंय. आता मी ‘ताईंचा भाऊ’. न्हाव्यानंसुद्धा काल रांग डावलून मला आधी बसवलं. जळफळाट झाला, पण दाढी करून घेतली.

वर्तमानपत्र बाबांनी दोघांना दिलं. यंत्र मी चालवतो, नखं माझी काळी. पण शेवटच्या पानाच्या तळाशी ‘मालक, मुद्रक, प्रकाशक’ म्हणून नाव तुझं एकटीचं. तुरुंगात जायचा मानही तुलाच!

माहिती खात्याचे साहेब येऊन गेले. तळाशी माझं नाव लावायचं, छापण्याआधी पानं त्यांना दाखवायची. मग छापखान्याचं सील काढू, तुलाही सोडू, म्हणतात. मला मोह होतोय. रागाव, पण माया कमी करू नकोस.
तुझा धाकटा

ता. ९ मार्च
चि. धाकट्यास, अ. उ. आ.
मूर्खा, बातमी टोचली की पोलीस तळाची ओळ वाचतात आणि त्या नावाला उचलतात. म्हणून तुझं नाव गाळलं. सांगितलं असतं तर तू हट्टानं घातलं असतंस. पोलीस कोठडीत मेलेल्या मास्तरांची बातमी त्या साहेबांना दाखवून कशी छापणार? त्यापेक्षा मी आतच बरी. आणि जळण्याचं म्हणशील, तर बाबांनी यंत्राला हात लावू दिला तो तुला. मला खुर्चीत बसवलं. ते मी अजून विसरले नाही. वेळेवर जेवत जा.
तुझी ताई

ता. २१ मार्च
ती. ताईस, शि. सा. न. वि. वि.
तुझी कोठडी सुटली, माझी सुरू झाली. साहेबांना हो म्हटलं, सील निघालं, तू घरी पोचलीस आणि मी पानं न दाखवता मास्तरांची बातमी छापली. तळाशी माझं नाव, तुझ्यापेक्षा ठसठशीत टायपात. तुझ्यासाठी केलं असा गैरसमज नको, हेव्यापोटी केलं. शिपाई विचारतो, तुम्हीच ना ते मालक? बरं वाटतं. भीतीही वाटते. आता लोभाची गरज मला आहे.
तुझा धाकटा

ता. २६ मार्च
चि. धाकट्यास, अ. उ. आ.
जो तो तुझं कौतुक करतो. मी दारात उभी राहून ऐकते आणि जळते. अरे शहाण्या, आयुष्यात एकदा तळाला नाव लावलंस आणि स्वतःच्याच नावाची वेलांटी चुकवलीस! चूक झाली की पुढच्या अंकात दुरुस्ती छापायची, हा आपला नियम. मोठ्या यंत्राला त्यांनी पुन्हा सील ठोकलं, पण कार्डं छापायचं पायमशीन विसरले. हे तुला मिळेपर्यंत छोटा अंक वाटून झाला असेल. त्यात मास्तरांच्या बायकोचं म्हणणं आहे, तुझी वेलांटी आहे, आणि तळाशी नावं दोघांची. माझं वर आहे. थोरली मी आहे.

पोलीस येतीलच, कपड्यांची पिशवी भरून दारात ठेवली आहे. लोभ दोघांचा दोघांवर राहो.
तुझी ताई