बांधाच्या कोपऱ्यातला तांबडा ठिपका

मिरजगाव,
१२ जानेवारी २०२५

चि. सुकन्यास रंगनाथकाकाचे आशीर्वाद.

इकडं आम्ही दोघं ठणठणीत. खालच्या मळ्यात कांदा जोरात आहे. खापऱ्या वेचायला म्हणून तू दोन महिने आमच्याकडं राहून गेलीस, तेव्हापासून तुझी काकू, आक्काबाई, चहा एक कप जास्तच टाकते आणि वर माझ्यावरच चिडते.

तू पाठवलेला नकाशा भिंतीला लावलाय. जुन्या मडक्यांची एकेक खापरी कुठं पडली होती ते यंत्रावर टिपून तू कॉम्प्युटरवर केलेला. दाट तिथं तांबडं, विरळ तिथं पिवळं. येईल त्याला आक्काबाई दाखवते, "ह्यो तांबडा ठिपका बघा. हितं दोन हजार वर्सांमागं कुंभारवाडा हुता. आमच्या पोरीनं शोधला."

त्या ठिपक्याचंच लिहायचंय. दोनदा फोन लावला, पण तुझा आवाज ऐकला की कांद्याचंच बोलणं व्हायचं. विहिरीला पाणीही यंदा बरं आहे.

पोरी, तिथं कुंभारवाडा नव्हता. त्या खापऱ्या मी टाकल्यात.

ब्याण्णव साली वरच्या पट्टीत पहिल्यांदा कांदा लावायचा होता. कुदळ मारावी तिथं खापरी. आम्ही नवरा-बायकोनं पंधरा दिवस पाट्या भरभरून बांधाच्या कोपऱ्यात ओतल्या. "काका, इथं तर रास आहे!" म्हणून तू नाचलीस, तेव्हाच सांगायला हवं होतं. तुझा तो आनंद बघून मी नुसता मान डोलवत राहिलो.

काल आक्काबाई म्हणाली, "पोरगी तीन आठवड्यानं शिकल्या-सवरल्या लोकांपुढं बोलणार हाय. तिथं कुनी तिला खोटं पाडलं, तर तुमाला घास जाईल का?"

घास गेला नाही.

वरची पट्टी यंदा पडीकच आहे. जिथनं जिथनं पाट्या भरल्या, तिथं आज दोघांनी खुंट्या ठोकल्या. आक्काबाईला माझ्यापेक्षा जास्त आठवतं. येऊन बघ. रागावली असलीस तरी जेवायला इथंच.

तुझा चुकलेला,
रंगनाथकाका


पुणे,
२ फेब्रुवारी २०२५

प्रिय काका,

सा. न.

पत्र मिळालं त्या दिवशी फोनवर मी नुसती हसत सुटले. पण एक गोष्ट तुम्हाला सांगितली नाही.

त्या राशीत पार खाली हात घातला, तेव्हा मला प्लास्टिकच्या चपलेचा तुकडा लागला होता. इतक्या जुन्या खापऱ्यांच्या तळाशी चप्पल कशी, हे तुम्हाला तिथल्या तिथं विचारायला हवं होतं. मी तो खिशात टाकला आणि नोंद केलीच नाही. मला तो ठिपका हवा होता, काका. तुम्ही माझ्यासाठी गप्प राहिलात, मी स्वतःसाठी.

काल परिषदेत बोलले. कुंभारवाडा रद्द केल्याचं सांगितलं, तुमच्या पाट्या सांगितल्या आणि पडद्यावर चप्पलही दाखवली. सगळं सभागृह हसलं. माझे कान तापले. मग मागून एक वयस्कर बाई उठल्या. तीस वर्षं हेच काम करतात. म्हणाल्या, "माझ्या नकाशांतही असे ठिपके आहेत. मी कधी शेतकऱ्याला विचारलंच नाही."

त्यानंतर कोणी हसलं नाही.

शुक्रवारी येते. खुंट्यांच्या जागा यंत्रावर घ्यायच्यात, आणि त्या मी एकटी घेणार नाही. काकूंनी पुढं चालायचं, मी मागं.

तुमची, आता विचारून लिहिणारी,
सुकन्या