ताईच्या नावाचा पुरस्कार

प्रिय ताई,

परवा कंपनीचा माणूस घरी आला होता. जनसंपर्क अधिकारी. चपला बाहेर काढल्या, तुझ्या फोटोला हात जोडले, आईच्या पाया पडला. म्हणे, तुझ्या नावाने पर्यावरण पुरस्कार सुरू करायचाय! हे तुला सांगितल्याशिवाय चैन पडेना, म्हणून लिहायला बसलो.

हसलीस ना? मला नाही हसू आलं.

ज्यांच्या सांडपाण्यावर तू फिल्म केलीस, तेच हे लोक. तुझ्यावर बदनामीचा दावा लावला, अंगात ताप असताना कोर्टाच्या बाकावर बसवून ठेवलं. तू गेलीस आणि दावा आपोआप मिटला. तुला जिंकूसुद्धा दिलं नाही गं!

तलासरीचे पाडे पायी फिरून तू पहिलं पुस्तक लिहिलंस, कारखान्यांसाठी गेलेल्या जमिनींवर. मग पालघर जिल्हा वेगळा झाला त्या वर्षी कॅमेरा उचललास. म्हणालीस, "ज्यांना वाचता येत नाही त्यांना निदान दिसलं तरी पाहिजे." आपल्या चिंचणीच्या खाडीत मेलेले मासे पांढरी पोटं वर करून तरंगत होते, ते टिपलंस. बोंबील वाळत घालणारी हिरामावशी तुझ्या कॅमेऱ्यासमोर स्वतःचं नाव सांगून बोलली. तिच्याएवढी हिंमत गावात दुसऱ्या कुणाची झाली?

पण फिल्म लागली कुठे? मुंबईत, दिल्लीत. टाळ्या, बक्षिसं. "आधी बाहेर गाजू दे, मग इथे कोणी अडवणार नाही," म्हणायचीस. कुठलं काय! शाळेने हॉल नाकारला, मागोमाग कोर्टाची मनाई आली. हिरामावशीने अजून स्वतःला पडद्यावर पाहिलेलं नाही, ताई.

आणि मी? मी तारापूरला त्याच कंपनीत कामाला होतो. फिल्म आली त्याच आठवड्यात मला गेटवर थांबवलं. सुपरवायझर म्हणाला, "का ते बहिणीला विचार." मी विचारलं नाही. पण तू तरी कधी विचारलंस, की आता घर कसं चालतं? डहाणूला चिकूच्या वखारीत पेट्या भरताना तुझा राग यायचा. अजून येतो. त्यांचा येतो तेवढा नाही, एवढंच.

तर तो अधिकारी. चहा पिऊन झाल्यावर मुद्द्यावर आला. "मतभेद होते, पण ताईंचं काम मोठंच. फक्त ती फिल्म आता गावात दाखवायची वगैरे नको. जुने विषय कशाला उकरायचे?"

आईने मध्येच विचारलं, "माझ्या लेकीचं नाव लागेल ना पण?"

"मोठ्या अक्षरांत, आजी."

काय उजळला तिचा चेहरा! तू गेल्यापासून तिला असं पाहिलं नव्हतं. आणि नेमकं मलाच नाही म्हणायचं होतं. किती जड गेलं, तुला कसं सांगू?

म्हणालो, "साहेब, ती होती तेव्हा तिच्या नावाने समन्स पाठवत होतात. आता तिचं नाव आमच्याकडेच राहू दे."

तो उठला. दारात शांतपणे म्हणाला, "पुरस्कार तर होणारच. दुसरं नाव मिळेल."

मिळेलच. खाडीत तेच पाणी येत राहील आणि स्टेजवर हेच लोक रोपं वाटतील. तुझं आयुष्य गेलं त्याचं त्यांना काय?

आई त्या दिवशी जेवली नाही, माझ्याशी बोललीही नाही. आज सकाळी मात्र म्हणाली, "त्या फिल्ममध्ये असं आहे तरी काय? मला कुठे कोणी दाखवलीय?"

ताई, आईलासुद्धा नाही?

दाव्याबरोबर कोर्टाची मनाईही मिटलीय. रविवारी दिवेलागणीला आपल्या अंगणात पांढरी चादर बांधतोय. हिरामावशीला सांगून आलो. "लोक घाबरतात रे, येतील का?" म्हणाली. मग स्वतःच म्हणाली, "मी येते. तुझ्या आईशेजारी बसते."

कोणी आलं नाही तरी त्या दोघींसाठी लावीन. मग रानशेतला नेईन, तलासरीला नेईन. वचन देतो, कंपनीची गाडी येऊन दारात उभी राहिली तरी मधेच बंद करणार नाही.

तुझ्यावर रागावलेला,
तुझाच धाकटा,
महेश