मालकाच्या रकान्यात तुमचं नाव

अण्णा, तहसील कार्यालयातून तुमच्या नावाने नोटीस आली. तुम्हाला जाऊन सहा वर्षं झाली, तरी गेल्या महिन्यात विनापरवाना वाळू वाहून नेल्याबद्दल तुम्ही समक्ष हजर राहून खुलासा करावा, असं तिच्यात लिहिलं होतं. ट्रक त्यांनी जप्त करून आवारात लावला होता. चूक माझीच. तुमच्यामागे गाडी माझ्या नावावर करून घ्यायला हवी होती. दरवेळी कागद बाहेर काढायचो, तुमची सही बघायचो आणि फाइल पुन्हा कपाटात ठेवायचो. आईला वाटायचं, मी हळवा आहे. होतोच, पण त्याहून जास्त आळशी होतो.

गाडी सोडवायचा अर्ज घेऊन गेलो, तेव्हा टेबलामागच्या बाईंनी शांतपणे विचारलं, "मालक कुठे आहेत?" वडील वारले, म्हणालो. "मग वाळू कोणी नेली? अहो, मालक हयात नाहीत हे सांगायला आपल्याला गाडी पकडली जाईपर्यंत वेळ मिळाला नाही?" मी अर्ज त्यांच्यापुढे सरकवला.

तिथे उभ्या उभ्या मला तो दिवस आठवला. मी दहावीत आहे. दुपारी शाळेत बक्षीस समारंभ आहे आणि तुम्ही मला खेपेवरून थेट तिकडे सोडणार आहात. नदीकाठी गाडी भरून झाली, आणि तुमच्या लक्षात येतं की वाळू वाहतुकीच्या पासावर गाडीच्या नंबरातला एक आकडा चुकलाय. तुम्ही इंजिन बंद करता. दुरुस्त पास येईपर्यंत आपण तिथेच. मी चिडून म्हणतो, "कोण वाचतं तो कागद?" तुम्ही माझ्याकडे न बघता म्हणता, "ज्याला वाचता येत नाही त्यानं असं म्हणावं. तुला शाळेत कशाला घातलंय?" माझं बक्षीस दुसऱ्याच कुणीतरी घेतलं. दोन दिवस मी तुमच्याशी बोललो नाही. तुम्हालाही वाईट वाटलं असेल, हे मला फार उशिरा सुचलं.

आता वाघोलीकडे इमारतींची कामं जोरात आहेत. ठेकेदाराला वाळू हवी होती, पास मिळत नव्हता, आणि गाडी दोन महिने दारात उभी होती. तुमच्या वेळचे ड्रायव्हरकाका म्हणाले, "पास न्हाय तर नगं. अण्णांनी चावी दिली नसती." मी म्हणालो, "अण्णा नाहीत आता." इतकं तोडून बोलायचं काही कारण नव्हतं. काका गाडीत बसले आणि तिसऱ्या खेपेला पकडले गेले.

खुलाशासाठी वकिलांनी दोन वाटा सांगितल्या. काकांनी माझ्या परस्पर खेपा मारल्या असं लिहायचं, किंवा तुम्हीच हयातीत तोंडी बोलीवर गाडी ठेकेदाराला चालवायला दिली होती आणि आम्हा वारसांना त्यातलं काहीच माहीत नव्हतं, असं लिहायचं. खरं लिहायची तिसरी वाट त्यांनी सांगितली नाही आणि मीही विचारली नाही. काका म्हणाले, "माझं नाव घाला. सांगतो मी, चूक माझी हाय. पन अण्णांचं नगं." मी तुमचं घातलं. काकांचं पोट लायसन्सवर आहे, गेलेल्या माणसाला काय होतंय, असं वकिलांना आणि काकांना सांगितलं. स्वतःलाही सांगून पाहिलं. खरं म्हणजे काकांनी ऐनवेळी तोंड उघडलं असतं तर मी अडकलो असतो. तुम्ही उघडणार नव्हता.

वारस म्हणून आईचीही सही लागली. तिने विचारलं, "तू वाचलंयस ना नीट? मग झालं." मी बोट ठेवलं तिथे तिने सही केली. तुम्हाला तिने कधी कागदाशिवाय गाडी कुणाच्या हाती देताना पाहिलं नव्हतं, आणि कागदावर ती नेमकं त्याच्या उलट सांगत होती.

गाडी परवा सुटली. मांजरी गावी, आपल्या दारात आणून लावली. काकांनी चावी आईच्या हातात दिली आणि ते पुन्हा फिरकले नाहीत.

हे लिहून तुमच्या फोटोमागे ठेवणार होतो. पण आई रोज सकाळी तो फोटो उतरवून पुसते. अण्णा, तुमच्या रागाची भीती मला राहिली नाही, आईला कळेल याचीच वाटते. म्हणून हा कागद मी ऑफिसच्या खणात ठेवतो आहे, आणि खणाला कुलूप लावतो आहे.